जूनोचा फिरता दरबार

1978 सालच्या मार्च महिन्याच्या अखेरीस कॅनडातील एका लोकप्रिय गायकाने आपणास मिळालेली सहा राष्ट्रीय संगीत-पारितोषिके, ती देणाऱ्या संस्थेकडे परत पाठवून दिली. टॉम कॉनर्स हे त्याचे नाव. गाताना बुटाच्या टाचेने लाकडी फळीवर ताल धरण्याच्या त्याच्या रीतीमुळे अवघा देश त्यास 'स्टॉम्पिन टॉम' म्हणून ओळखत असे. ज्या कलावंतांनी आपले बिऱ्हाड कायमचे अमेरिकेत हलविले, तेथील बाजारपेठेसाठी जे गातात आणि तेथेच ज्यांचा पैका खेळतो, त्यांनी वर्षाकाठी एकदा सीमा ओलांडून यावे व राष्ट्रीय सन्मान घेऊन परत जावे, आणि जे गावोगावच्या पानगृहांतून व जत्रांतून गात देशातच राहिले त्यांची उपेक्षा व्हावी, ही वहिवाट त्यास मंजूर नव्हती. या निषेधापायी त्याने जवळजवळ दशकभर जाहीर गायनच बंद ठेवले. स्वतःच्या उपजीविकेवर पाणी सोडून केलेला निषेध म्हणून त्याचे मोल मला फार मोठे वाटते.

कॉनर्सने परत केलेली पारितोषिके 'जूनो' या नावाने प्रसिद्ध आहेत, आणि त्यांचा इतिहास पाहू गेल्यास त्याच्या रोषाचे मूळ त्या इतिहासातच सापडते. टोरांटोमध्ये वॉल्ट ग्रिअलिस या गृहस्थांनी 1964 साली 'आरपीएम' नावाचे संगीतव्यवसायाचे साप्ताहिक सुरू केले आणि त्याच वर्षी वाचकांचा कौल घेऊन 'गोल्ड लीफ' या नावाने सन्मान जाहीर करण्याची प्रथा पाडली. प्रारंभी समारंभ नव्हता, सभा नव्हती. अंकात नावे छापली की कार्य संपन्न होई. पहिला प्रत्यक्ष समारंभ 23 फेब्रुवारी 1970 रोजी टोरांटोच्या सेंट लॉरेन्स हॉलमध्ये झाला आणि ग्रिअलिस यांचे सहकारी स्टॅन क्लीस यांनी अक्रोडाच्या लाकडात घडविलेली, लयमापक यंत्राच्या आकाराची स्मृतिचिन्हे विजेत्यांस देण्यात आली. पुढच्याच वर्षी पारितोषिकाचे नामांतर झाले. कॅनडाच्या नभोवाणी व चित्रवाणी नियामक मंडळाचे पहिले अध्यक्ष पिएर जूनो यांचा गौरव करावा हा त्या नामांतराचा हेतू होता; रोमन पुराणातील देवतेच्या नावाशी जुळणारे सुटसुटीत लेखन पुढे रूढ झाले.

एखाद्या सरकारी अंमलदाराच्या नावाने संगीताचे पारितोषिक ओळखले जावे, हे आपल्याला विलक्षण वाटेल. परंतु या अंमलदाराची कामगिरीच तशी होती. कॅनडाची बहुसंख्य वस्ती अमेरिकेच्या सीमेलगतच्या चिंचोळ्या पट्ट्यात पसरलेली असल्यामुळे शेजारच्या बलाढ्य देशाचे संगीत त्या मुलखात अहोरात्र, आणि तेही फुकट, ऐकू येई. कॅनडातील नभोवाणी केंद्रेसुद्धा अमेरिकेत गाजलेल्या ध्वनिमुद्रिकाच वाजवीत. जूनो यांच्या मंडळाने नियम घालून दिला की, 18 जानेवारी 1971 पासून केंद्रांनी वाजविलेल्या संगीतापैकी किमान 30 टक्के संगीत कॅनडाचे असले पाहिजे. कोणते गीत कॅनडाचे मानावे, याची संगीतरचना, गायक-वादक, मुद्रणाचे स्थळ आणि शब्दरचना अशी चार अंगांची कसोटीही ठरली. केंद्रचालकांनी आरडाओरड केली, काहींनी ही सक्तीची गीते श्रोते निद्राधीन असताना वाजवून नियमाचे अक्षर तेवढे पाळले. आणि तरीही आज ज्याला कॅनडाचा संगीतव्यवसाय म्हणतात तो पुष्कळ अंशी या फर्मानाच्या छायेत वाढला, यात मला संदेह वाटत नाही. कसोटी सर्वकाळ निर्दोष राहिली असेही नाही. ब्रायन ॲडम्स या जगद्विख्यात कॅनडियन गायकाचा 1991 सालचा गीतसंग्रह, त्यातील गीते त्याने परदेशी सहरचनाकाराबरोबर लिहिली या कारणाने, 'कॅनडाचा नव्हे' असा ठरला. त्यावर एवढा गदारोळ झाला की 1993 साली नियमात दुरुस्ती करावी लागली. म्हणजे, आपला कोण आणि परका कोण हा कॉनर्सने पंधरा वर्षांपूर्वी विचारलेला प्रश्न नियामकांच्या दप्तरातही सुटलेला नव्हता.

1975 साली हा समारंभ प्रथमच चित्रवाणीवरून देशभर दाखविण्यात आला, त्याची व्यवस्था ध्वनिमुद्रण अकादमीकडे गेली, आणि त्यानंतर पुष्कळ वर्षे तो टोरांटोच्या नाट्यगृहांत व मेजवानीच्या दिवाणखान्यांत, व्यवसायातील निमंत्रितांपुढे होत राहिला. या प्रथेला मोठा छेद गेला तो 1995 साली. त्या वर्षी समारंभ हॅमिल्टन शहरातील 'कॉप्स कोलिसियम' या भव्य क्रीडागृहात नेण्यात आला आणि सामान्य रसिकांना तिकीट काढून आत बसण्याची मुभा मिळाली.

हॅमिल्टनची ही इमारत माझ्या मते स्वतंत्र लेखाची अधिकारी आहे. पोलादाच्या कारखान्यांवर जगणाऱ्या या शहराने बर्फावरील हॉकीच्या राष्ट्रीय लीगचा एखादा संघ आपल्याकडे यावा या उमेदीने 1985 साली सुमारे सतरा हजार प्रेक्षकांची सोय असलेले हे क्रीडागृह उभारले आणि त्यास माजी महापौर व्हिक्टर कॉप्स यांचे नाव दिले. 15 सप्टेंबर 1987 रोजी याच छताखाली सोव्हिएत संघाविरुद्धच्या 'कॅनडा कप'च्या निर्णायक सामन्यात वेन ग्रेट्झ्कीने दिलेल्या चेंडूवर, किंबहुना रबरी चकतीवर, मारिओ लेम्यू याने अखेरच्या क्षणांत गोल केला. तो क्षण त्या देशातील आबालवृद्धांस आजही तोंडपाठ आहे. परंतु ज्यासाठी एवढा खटाटोप केला तो कायमचा संघ मात्र आला नाही. 1990 साली शहराने अर्ज केला, तेव्हा लीगने ऑटावा व टॅम्पा या शहरांची निवड केली. ज्या घरात खेळाचा यजमान कधी राहावयास आला नाही, त्या घराने गाण्याला आश्रय दिला: 1995 ते 2001 या काळात पाच वेळा जूनोचा समारंभ येथे झाला. 2015 साली तो पुन्हा येथे आला तेव्हा इमारतीवर एका वित्तसंस्थेचे नाव होते.

क्रीडागृहाचे गायनगृह करणे हा प्रकार, प्रेक्षकाला वाटतो तितका सरळ नाही. हॉकीचे मैदान 200 फूट लांब व 85 फूट रुंद असते. काँक्रीटच्या लादीत पुरलेल्या मैलोगणती नळ्यांतून शून्याखाली थंड केलेले खारे पाणी अथवा तत्सम द्रव खेळविला जातो, त्या लादीवर थरामागून थर पाणी गोठविले जाते, त्यातच पांढरा रंग व रेषा गोठविल्या जातात, आणि अखेर इंच-सव्वा इंच जाडीचे बर्फ सिद्ध होते. हंगामाच्या मध्ये हे बर्फ वितळवून पुन्हा जमविणे परवडत नाही, म्हणून संगीताच्या कार्यक्रमासाठी उष्णतारोधक फळ्या शेजारी शेजारी बसवून ते झाकले जाते, भोवतालच्या काचा उतरविल्या जातात, आणि त्यावर खुर्च्या व रंगमंच मांडला जातो. सामना रात्री संपावा, पहाटेपर्यंत कामगारांनी हे सारे उलटेपालटे करावे, आणि संध्याकाळी त्याच जागी गायकाने उभे राहावे, असा क्रम. अग्रभागी बसलेल्या रसिकाच्या पायांखाली त्या वेळी बर्फच असते.

बर्फापेक्षा छताचा प्रश्न अधिक अवघड. आधुनिक संगीतसोहळ्यातील दिवे, ध्वनिक्षेपक, पडदे यांचा टनावारी भार छतालाच टांगला जातो, आणि प्रत्येक छत तो पेलू शकत नाही. कॅलगरी येथील 'सॅडलडोम' हे याचे प्रसिद्ध उदाहरण. ऑक्टोबर 1983 मध्ये उघडलेल्या आणि 1988 च्या हिवाळी ऑलिंपिकसाठी उपयोगी पडलेल्या या इमारतीचे छत घोड्याच्या खोगिरासारखे, मध्ये खोल व दोन बाजूंस उंचावलेले आहे; पोलादी तारांच्या जाळ्यावर काँक्रीटच्या हलक्या फरशा बसवून ते सिद्ध झाले. गुराख्यांच्या परंपरेचा अभिमान बाळगणाऱ्या शहराला असे शिरोभूषण शोभून दिसते, आणि स्थापत्य म्हणून मला ते त्या देशातील सर्व क्रीडागृहांत सुंदर वाटते. परंतु त्याच वक्रतेमुळे जड सामग्री टांगण्यास तेथे मर्यादा पडते, आणि कित्येक मोठ्या गायकांचे दौरे कॅलगरी वगळून शेजारच्या एडमंटनला जातात. तरीही 2008 व 2016 साली जूनोचा समारंभ या खोगिराखाली झाला. पैकी पहिल्या वेळी सूत्रसंचालन रसेल पीटर्स या भारतीय वंशाच्या विनोदकाराकडे होते. आता शेजारीच नव्या इमारतीचे काम 2024 पासून चालू आहे आणि ती उभी राहिली की जुनी पाडण्याची तजवीज आहे.

ध्वनीचे दुःख वेगळेच. काँक्रीट, काच व पोलाद यांवर आदळून परतणारा नाद प्रेक्षकांच्या आरोळ्यांना बळ देतो. सामन्यात तेच हवे असते. परंतु शब्द मात्र त्या प्रतिध्वनीत विरघळतो, आणि तंतुवाद्याची सूक्ष्म आस तर तेथे ऐकूच येत नाही. त्यामुळे क्रीडागृहाने राष्ट्रीय सन्मानाला जनसमुदाय दिला, हे जितके खरे, तितकेच त्या सन्मानाच्या रात्री कोणते संगीत ऐकू यावे हेही पुष्कळसे त्या भिंतींनी ठरविले, हे खरे आहे.

2002 पासून समारंभ खऱ्या अर्थाने फिरता झाला. त्या वर्षी प्रक्षेपणाचे हक्क खासगी वाहिनीकडे गेले आणि जूनोचा मुक्काम न्यूफाउंडलंड बेटावरील सेंट जॉन्स येथे पडला. 1949 पर्यंत जो मुलूख कॅनडाचा भागच नव्हता, त्या पूर्व टोकाच्या शहरात राष्ट्रीय दरबार भरावा यामागील औचित्य सांगावयास नको. मग ऑटावा, एडमंटन, विनिपेग, हॅलिफॅक्स, सॅस्काटून अशी प्रदक्षिणा सुरू झाली. या प्रत्येक शहरात हॉकीचे एक मोठे क्रीडागृह होते, आणि दहा-पंधरा हजार माणसांना कडाक्याच्या थंडीत एका छताखाली बसविणारी दुसरी वास्तू क्वचितच होती. राष्ट्रीय समारंभ सर्वांच्या दारी न्यावयाचा तर दुसरा मार्गच नव्हता. ऑटावाच्या शेतजमिनीवर उभारलेल्या क्रीडागृहात हा समारंभ 2003, 2012 व 2017 असा तीन वेळा झाला आणि तिन्ही वेळा इमारतीचे नाव निराळे होते: आधी एका संगणक-कंपनीचे, मग एका बँकेचे, मग एका दुकानसाखळीचे. पैसे मोजणाऱ्याच्या नावाने सार्वजनिक वास्तू ओळखली जावी ही रीत मला पसंत नाही. व्हिक्टर कॉप्ससारख्या लोकसेवकाचे नाव पुसून वित्तसंस्थेची पाटी लागते तेव्हा शहराच्या स्मृतीचा एक दस्तऐवजच गहाळ होतो.

खेळ आणि गाणे यांचे त्या देशातील नाते केवळ जागेच्या टंचाईतून आलेले नाही, हेही सांगितले पाहिजे. कॉनर्सने 1973 साली ध्वनिमुद्रित केलेले 'द हॉकी साँग' 1992 पासून ऑटावाच्या संघाने सामन्यांत वाजविण्यास प्रारंभ केला आणि पाहता पाहता ते देशभरच्या क्रीडागृहांत सामुदायिक गीत झाले. ज्या सन्मानाचा त्याने अव्हेर केला तो सन्मान पुढे ज्या वास्तूंत दिला जाऊ लागला, त्याच वास्तूंत हजारो कंठांनी त्याचे गाणे म्हटले जाऊ लागले. 2013 च्या मार्चमध्ये तो निवर्तला, तेव्हा त्याची जाहीर शोकसभाही पीटरबरोच्या हॉकी क्रीडागृहात झाली. 1992 मध्येच 'द ट्रॅजिकली हिप' या वाद्यवृंदाने बिल बॅरिल्को या खेळाडूवर गीत रचले. 1951 साली टोरांटोला अजिंक्यपद मिळवून देणारा गोल करून तो त्याच उन्हाळ्यात विमान-अपघातात बेपत्ता झाला होता. या वाद्यवृंदाचा प्रमुख गायक गॉर्ड डाउनी असाध्य व्याधीने ग्रस्त झाल्यावर, 20 ऑगस्ट 2016 रोजी, त्यांचा अखेरचा कार्यक्रम किंग्स्टन या त्यांच्या गावच्या क्रीडागृहात झाला आणि सार्वजनिक प्रक्षेपणातून तो 1 कोटी 17 लाख लोकांनी पाहिला. म्हणजे देशातील जवळजवळ दर तीन माणसांमागे एकाने. एवढी एकात्मता त्या देशात एरवी हॉकीच्या अंतिम सामन्यालाच दिसते. जूनोच्या सप्ताहात 2004 पासून वादक-गायक विरुद्ध निवृत्त हॉकीपटू असा एक सामनाही खेळला जातो आणि त्यातून जमलेला निधी शाळांना वाद्ये पुरविण्याच्या कार्यास दिला जातो, ही प्रथा मला समारंभाहूनही अधिक आदरणीय वाटते.

मराठी वाचकाला या दरबाराशी जोडणारा एक धागा आहे. 2004 साली जागतिक संगीताच्या विभागात जूनो मिळविणाऱ्या किरण अहलुवालिया या गझलगायिका. पाटण्यात जन्मलेल्या व कॅनडात वाढलेल्या या बाईंनी वित्तक्षेत्रातील नोकरी सोडून मुंबईत पद्मा तळवलकर यांच्यापाशी ख्यालगायकीची तालीम घेतली, आणि हैदराबादेत विठ्ठलराव यांच्याकडे गझलेची. 2012 साली त्यांना पुन्हा हाच सन्मान लाभला. परंतु जूनोचे विभाग चाळीसहून अधिक; त्यांपैकी मोजके सात-आठ सन्मानच क्रीडागृहातील प्रक्षेपित समारंभात दिले जातात, आणि जागतिक, शास्त्रीय, जाझ आदी विभागांची पारितोषिके बहुधा आदल्या रात्रीच्या व्यावसायिकांच्या मेजवानीत वाटली जातात. ज्या निमंत्रितांच्या दिवाणखान्यातून समारंभाला बाहेर काढले, त्याच दिवाणखान्यात या संगीताला मागे ठेवले गेले.

अलीकडे दार थोडे उघडले आहे. 2023 साली एडमंटनच्या क्रीडागृहात ए. पी. धिल्लन याने पंजाबी गीत सादर केले, आणि 2024 साली हॅलिफॅक्सला, पंजाबातून किशोरवयात ब्रिटिश कोलंबियात आलेल्या करण औजला याला श्रोत्यांच्या मतांनी दिला जाणारा सन्मान मिळाला. ही दोन्ही नावे गर्दीने निवडलेली आहेत आणि त्यांचे संगीत मोठ्या ध्वनिक्षेपकांसाठीच घडलेले आहे, म्हणून त्यांना तो मंच सोसला. ख्यालाची तालीम घेतलेली गायिका, चार तंतुवाद्यांचा संच, किंवा उत्तर ध्रुवाकडील इन्युइट स्त्रियांचे कंठगायन यांना तो सोसेल का, याची परीक्षा अकादमीने घ्यावयास हवी. उत्तम ध्वनियोजकांची तिला वाण नाही, प्रक्षेपणात तीन-चार मिनिटे काढणे अशक्य नाही. दरसाल आदल्या रात्रीच्या विभागांपैकी एक चिठ्ठी टाकून निवडावा आणि त्याच्या मानकऱ्याला दुसऱ्या दिवशी क्रीडागृहातील दहा हजारांपुढे गावयास बसवावे, एवढी तजवीज पहिल्या वर्षाला पुरे आहे.