वारीनंतरचे अकरा महिने

संत तुकाराम महाराजांची पालखी दरवर्षी बारामती आणि इंदापूर तालुक्यांतून पंढरपूरकडे जाते. काटेवाडीला धोतरांच्या पायघड्या आणि मेंढ्यांचे रिंगण, बेलवाडीला पहिले गोल रिंगण, पुढे निमगाव केतकी, इंदापूर, सराटी. देहूपासून पंढरपूर साधारण अडीचशे किलोमीटर भरते, आणि ते पायी तोडणाऱ्यांत साठी-सत्तरी ओलांडलेले वारकरी सहज डोळ्यांत भरतात. रिंगणात पताकावाल्यांपाठोपाठ डोक्यावर तुळस घेतलेल्या बायका धावतात, त्यांत पिकल्या केसांच्या आज्याही असतात. म्हातारपणी शरीर काय करू शकते याचा याहून ढळढळीत पुरावा शोधायला नको. पण त्याच पुराव्यावरून आपण एक अपुरा निष्कर्ष काढत आलो आहोत: म्हातारा माणूस चालतो ना, मग झाला व्यायाम. चालण्याने हृदयाला आणि रक्तातल्या साखरेला फायदा होतो, यात वादच नाही. पण म्हाताऱ्या माणसाला अंथरुणाला खिळवणारी गोष्ट बहुतेक वेळा एका क्षणात घडते. न्हाणीत पाय सरकतो, उंबऱ्याला ठेच लागते आणि खुब्याचे हाड मोडते. निरनिराळ्या देशांतल्या नोंदींनुसार असे हाड मोडलेल्या वृद्धांपैकी साधारण पाचांतला एक वर्षभरात दगावतो. उरलेल्यांतले कितीतरी पुन्हा आधाराशिवाय चालत नाहीत.

हे पडणे टाळता येते, आणि कशाने टाळता येते हेही आता पुरेसे स्पष्ट झाले आहे. कॉक्रेन संस्थेने 2019 मध्ये 108 चाचण्यांचा आढावा घेतला. त्यांत 23 हजारांहून अधिक वृद्ध होते. व्यायामाने पडण्याचे प्रमाण 23 टक्क्यांनी घटले. तोलाचे आणि रोजच्या हालचालींचे व्यायाम ताकदीच्या व्यायामाशी जोडले, तेव्हा ही घट 34 टक्क्यांच्या आसपास गेली. नुसत्या चालण्याने पडणे कमी होते का, याचे खात्रीचे उत्तर मात्र त्या आढाव्याला देता आले नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या 2020 च्या शिफारशीही याच वळणाच्या आहेत: पासष्टीनंतर आठवड्याला किमान 150 मिनिटे मध्यम श्रमाची हालचाल हवी, आणि शिवाय आठवड्यातून तीन दिवस तोल व ताकदीचा सराव हवा. आपल्याकडे या शिफारशीतला पहिला अर्धा भाग पोहोचला आणि दुसरा वाटेतच राहिला.

यावर गावात पहिले उत्तर ठरलेले असते: आम्ही जन्मभर रानात राबलो, आम्हाला कसला व्यायाम शिकवता? या उत्तरात तथ्य आहे. नीरा डाव्या कालव्याच्या पाण्यावर ऊस पिकवणाऱ्या पिढीने केलेले कष्ट शहरी माणसाच्या कल्पनेबाहेरचे आहेत. पण स्नायू म्हणजे बँकेतली ठेव नव्हे; वापर थांबला की काही आठवड्यांत ताकद उतरायला लागते. आणि आता वापर खरोखरच थांबतो. ठिबक आले, ट्रॅक्टर आले, रान मुलाच्या हाती गेले, आणि दारातला ओटा हेच दिवसभराचे ठिकाण झाले. बायकांची गोष्ट आणखी वेगळी. वर्षानुवर्षे वाकून खुरपणी केल्याने कंबर झिजते, पण खुर्चीतून उठवणाऱ्या मांड्यांना आणि घसरता पाय सावरणाऱ्या तोलाला त्या कामातून पुरेसा सराव मिळतोच असे नाही.

दुसरी शंका वयाची. सत्तरीत काय ताकद वाढणार? संशोधक मारिया फियातारोन आणि सहकाऱ्यांनी 1990 मध्ये नव्वदीतल्या दहा जणांना आठ आठवडे वजनाचा व्यायाम दिला, तेव्हा पायांची ताकद सरासरी 174 टक्क्यांनी वाढली. दहा माणसांवरून सिद्धान्त मांडता येत नाही, हे खरे. म्हणूनच 1994 मध्ये त्यांनी शंभर दुबळ्या वृद्धांवर केलेला प्रयोग महत्त्वाचा ठरतो. तिथेही ताकद दुपटीहून अधिक झाली. गुडघे दुखतात म्हणून व्यायाम नको, हे कारण तर उलटेच आहे. झिजलेल्या गुडघ्याला मांडीच्या स्नायूचाच आधार असतो, आणि तो बळकट करणे हा त्या दुखण्याच्या उपचारातला पहिला टप्पा मानला जातो. छातीत दुखणे, चक्कर, नुकतेच झालेले ऑपरेशन असेल तर आधी डॉक्टरांना विचारावे. बाकीच्यांना बसून राहण्यातच जास्त धोका आहे.

मग हे करायचे कुठे? गावोगाव खुल्या व्यायामशाळा उभ्या राहिल्या, पण शिकवणारे कोणी नसेल तर लुगड्यातली आजी त्या लोखंडी यंत्रावर चढणार नाही, आणि तिने चढावे असा आग्रहही नको. संध्याकाळचा हरिपाठ मात्र गावात आधीपासून आहे. तिथे माणसे आपणहून येतात, टाळ घेऊन पावल्या टाकतात: पुढे, मागे, बाजूला, गिरकी. तोलाच्या सरावाचा सांगाडा यात तयार आहे. अशा नाचाने पडणे कमी होते, असे मात्र अजून सिद्ध झालेले नाही. कॉक्रेनच्या आढाव्यालाही नृत्याबद्दल ठाम सांगता आले नाही. म्हणून पावल्यांवर भागवू नये. हरिपाठाआधी वीस मिनिटे, आठवड्यातून तीनदा: हात छातीशी धरून खुर्चीतून दहादा उठणे-बसणे, खांबाला धरून टाचा उचलणे, एका पायाच्या बोटांना दुसरी टाच टेकवत रेषेवर चालणे, पाण्याने भरलेली बाटली उचलणे. सोपे झाले की वाढवणे, कारण न वाढणाऱ्या व्यायामाने ताकद वाढत नाही. शिकवायला तज्ज्ञच हवा असेही नाही. न्यूझीलंडमधला ओटागो हा व्यायामाचा कार्यक्रम प्रशिक्षित परिचारिकांनी घरोघरी जाऊन राबवला, तरी पडणे घटले. आपल्या उपकेंद्रातल्या समुदाय आरोग्य अधिकाऱ्याला आणि आशाताईंना हे शिकवता येईल, मात्र त्यासाठी त्यांना वेगळे मानधन हवे. आधीच भरलेल्या कामाच्या यादीत आणखी एक ओळ फुकट घालणे हा अन्याय होईल. आणि ताटाकडेही बघावे लागेल. चहा-भाकरीवर दिवस काढणाऱ्या आजीच्या मांडीत नुसत्या व्यायामाने बळ येणार नाही. डाळ, मटकी, दूध, अंडे तिच्या वाट्याला आले पाहिजे, आणि आपल्या घरांत ते सगळ्यांत शेवटी तिच्याकडे येते.

काम होते आहे की नाही हे मोजायला एक खुर्ची आणि घड्याळ पुरते. तीस सेकंदांत हात न टेकता किती वेळा उठता येते ते मोजायचे. अमेरिकेतल्या प्रचलित निकषानुसार सत्तर ते चौऱ्याहत्तर वयाच्या पुरुषाचे बारापेक्षा कमी आणि बाईचे दहापेक्षा कमी भरले, तर पडण्याचा धोका जास्त समजतात. आपल्या वृद्धांसाठी आकडा थोडा वेगळा निघेल, तो इथेच मोजून ठरवावा. पालखी गावातून गेल्यावर एकदा आणि कार्तिकीला पुन्हा एकदा हा आकडा उपकेंद्राच्या वहीत चढला, तर चार महिन्यांत काय साधले ते ग्रामसभेत नावानिशी नाही, पण आकड्यानिशी मांडता येईल.