माणूस गेला, दंड राहिला

आरोपी वारला की तुरुंगवासाची शिक्षा संपते. न्यायालयाने ठोठावलेला दंड मात्र संपत नाही. भारतीय न्याय संहितेचे कलम ८ (जुन्या दंड संहितेचे कलम ७०) सांगते, की मृताच्या कर्जाला जी मालमत्ता जबाबदार धरता आली असती, तीच दंडालाही जबाबदार. मात्र शिक्षा सुनावल्यापासून साधारण ६ वर्षांच्या आतच ही वसुली करता येते.

ठाणे किंवा कल्याणच्या न्यायालयाने दंडवसुलीचे वॉरंट काढले, तर ते ठाण्याच्या जिल्हाधिकाऱ्यांकडे जाऊ शकते. मग वसुली जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी होते: डोंबिवलीतला मृत वडिलांच्या नावचा फ्लॅट किंवा सातबाऱ्यावरची गावची जमीन जप्तीत येऊ शकते. मुलाचा पगार, सुनेचे स्त्रीधन यांना हात लावता येत नाही. दंडापायी वारसाला अटकही होत नाही. वसुलीवाल्यांच्या धाकाने उसनवारी करून पैसे भरणाऱ्या कुटुंबांना हे कुणीतरी आधीच सांगायला हवे.

दंडाच्या शिक्षेविरुद्धचे अपील मृत्यूने बाद होत नाही. वारसांना ते चालवता येते. तामिळनाडूच्या मुख्यमंत्री जयललितांचे उदाहरण वेगळे आहे. विशेष न्यायालयाने २०१४ मध्ये ठोठावलेला १०० कोटींचा दंड उच्च न्यायालयाने २०१५ मध्ये निर्दोष ठरवताना रद्द केला होता. त्याविरुद्धच्या अपिलावर सर्वोच्च न्यायालयाचा निकाल लागण्याआधीच, डिसेंबर २०१६ मध्ये, त्या वारल्या आणि त्यांच्यापुरते प्रकरण संपले.

वाहतुकीचे न भरलेले ई-चलन हा न्यायालयाचा दंड नव्हे, त्यामुळे वरचा नियम त्याला लागू होत नाही.