पुडी तीच होती का?

मोहल्ल्यातला एखादा मुलगा ‘ड्रग्ज’च्या केसमध्ये पकडला गेला, की निकाल कोर्टाच्या आधी गल्लीतच लागतो. अम्मी घराबाहेर पडणे सोडते, बहिणीचा ठरलेला निकाह लांबणीवर पडतो आणि अब्बा वकिलाऐवजी ‘सेटिंग’ करून देणाऱ्या दलालाच्या दारात उभे राहतात. नशेचा धंदा करणाऱ्यांची बाजू घ्यावी असे माझे म्हणणे अजिबात नाही. या धंद्याने आपलीच किती घरे बसवली, हे वाचकांना सांगायला नको. पण पकडलेला प्रत्येक जण धंदेवाला असतोच असे नाही, आणि ते ठरवण्याची कायद्याची रीत आपल्या घरांत फारच थोड्यांना माहीत असते.

१९८५चा एनडीपीएस कायदा कडक आहे. गांजा २० किलोहून जास्त किंवा हेरॉइन २५० ग्रॅमहून जास्त सापडले, तर ते ‘व्यापारी प्रमाण’. त्याला किमान १० वर्षे सक्तमजुरी आणि किमान १ लाख रुपये दंड. जामीनही सहजी मिळत नाही. शिवाय माल ताब्यात सापडला, तर त्याचा खुलासा आरोपीनेच करायचा. हे ऐकले की घरचे हातपाय गाळतात.

पण त्याच्या आधी एक पायरी आहे. ती नूर आगा विरुद्ध पंजाब राज्य या खटल्यात चांगली दिसते. १९९७ साली अमृतसरच्या राजासांसी विमानतळावर एका अफगाण नागरिकाच्या द्राक्षांच्या खोक्यातून १ किलो ४०० ग्रॅम हेरॉइन मिळाले, असा कस्टम्सचा दावा होता. त्याला १० वर्षांची शिक्षा झाली. हायकोर्टाने ती कायम केली. २००८ मध्ये सुप्रीम कोर्टाने त्याला निर्दोष सोडले. जप्त केलेला मुद्देमाल कोर्टापुढे आलाच नव्हता, नमुन्यांच्या हाताळणीत तफावती होत्या, स्वतंत्र पंचांची साक्ष झाली नव्हती. कबुलीजबाब होता, पण आरोपीने तो मागे घेतला होता. कोर्टाने कायद्याची ती कडक कलमे रद्द केली नाहीत. फक्त एवढे म्हटले, की माल याच्याच ताब्यात होता हे आधी सरकारने वाजवी संशयापलीकडे सिद्ध करावे, मगच आरोपीकडे खुलासा मागता येतो. शिक्षा जितकी मोठी, तितका पुरावा पक्का हवा. संशयाला जागा असेल तिथे हद्दची शिक्षा टाळावी, हे फिक्हमधले तत्त्व ज्यांनी आलिमांकडून ऐकले आहे, त्यांना हा विचार परका वाटणार नाही.

म्हणून अशा खटल्यात खरा प्रवास पुडीचा असतो. ती कुठे, किती वाजता, कोणासमोर जप्त झाली? वजन कोणत्या काट्यावर झाले? लाखेची मोहोर कोणाची, आणि नंतर ती कोणाकडे राहिली? मुद्देमाल कक्षाच्या रजिस्टरमध्ये नोंद कधी पडली? कलम ५२-अ नुसार मॅजिस्ट्रेटसमोर मालाची यादी, फोटो आणि नमुने झाले का? प्रयोगशाळेत पोहोचलेल्या पाकिटाचे वजन आणि मोहोर पंचनाम्याशी जुळते का? मधला एक दुवा जरी निखळला, तरी ‘तपासलेली पावडर याच्याच खिशातली’ असे छातीठोक म्हणता येत नाही.

अंगझडतीचा नियम वेगळा आहे. कलम ५० प्रमाणे, राजपत्रित अधिकाऱ्यासमोर किंवा मॅजिस्ट्रेटसमोर झडती घेण्याची मागणी तुम्ही करू शकता, हे त्या माणसाला आधी सांगावेच लागते. २०१०मध्ये सुप्रीम कोर्टाच्या घटनापीठाने ते बंधनकारक ठरवले. बाईची झडती बाईनेच घ्यायची. मात्र हे कलम फक्त अंगझडतीला लागू आहे. हातातल्या पिशवीला नाही, आणि इथे पुष्कळांची गफलत होते.

‘त्याने कबूल केले, आता काय उरले?’ असे म्हणून बसू नये. तोफान सिंग खटल्यात २०२०मध्ये सुप्रीम कोर्टाने ठरवले, की या कायद्याखाली तपास अधिकाऱ्यांसमोर दिलेला कबुलीजबाब पुरावा म्हणून चालत नाही.

अर्थात, कागदात एक चूक सापडली की सुटका, असेही नाही. बाकी पुरावा भक्कम असेल तर छोट्या त्रुटीने खटला पडत नाही, हेही कोर्टांनी वारंवार सांगितले आहे. लेखी खुलासे, तारखा आणि रजिस्टरे बारकाईने वाचणारा वकील म्हणूनच लागतो. दलालाला ते जमत नाही, त्याला फक्त पैसे मोजता येतात.

घरच्यांच्या हाती पहिल्या दोन दिवसांत बरेच असते. मुलाला घरातून किती वाजता नेले, कोण आले होते, हे त्याच रात्री वहीत लिहून ठेवा. २४ तासांच्या आत त्याला मॅजिस्ट्रेटपुढे हजर करावेच लागते. त्या वेळी तिथे थांबा. अटकेची कारणे लेखी मागा. कोऱ्या कागदावर सही करू नका. १ जुलै २०२४पासून लागू झालेल्या नव्या फौजदारी प्रक्रिया कायद्यात झडती-जप्तीचे व्हिडिओ चित्रण करायचे आहे, ते झाले का हे वकिलाला विचारायला सांगा. कोठडीत असलेल्या कोणालाही, उत्पन्न कितीही असो, जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो. फोन क्रमांक १५१००. आणि समोरच्या दुकानाच्या सीसीटीव्हीचे चित्रण काही दिवसांतच पुसले जाते, तेव्हा ते जपून ठेवण्याचा अर्ज आजच द्या.