एका नांवाच्या दोन शाळा आणि त्यांचे विद्यार्थी

कोणत्याही जुन्या शाळेच्या सभागृहांत गेलें असतां भिंतीवर लांकडी फलक दिसतात व त्यांवर सोनेरी अक्षरांनीं माजी विद्यार्थ्यांचीं नांवें लिहिलेलीं असतात. नवा विद्यार्थी तीं वाचतो आणि मनांत म्हणतो कीं, हे सर्व थोर पुरुष ह्याच बांकांवर बसले होते. हा अभिमान स्वाभाविक आहे व कांहीं अंशीं हितकरही आहे. परंतु शाळेनें कोणत्या नांवांवर हक्क सांगावा, कोणत्या नांवांविषयीं मौन धरावें, आणि मुळांत असा हक्क तिला कितपत पोंचतो, हा प्रश्न विचार करण्याजोगा आहे. अँग्लिकन पंथाच्या दोन प्रसिद्ध शाळांच्या आधारें त्याचा थोडा विचार करावा, असें आम्ही योजिलें आहे.

ह्या दोन्ही शाळा बिशप कॉटन ह्यांच्या नांवानें चालतात. एक शिमल्यास व दुसरी बंगळूर येथें. जॉर्ज एडवर्ड लिंच कॉटन हे मूळचे शिक्षक. इंग्लंडांतील रग्बी येथील शाळेंत सन १८३७ पासून ते डॉक्टर ऑर्नल्ड ह्यांच्या हाताखालीं शिकवीत असत. पुढें सन १८५२ मध्यें ते मार्लबरो येथील शाळेचे मुख्याध्यापक झाले व सन १८५८ मध्यें कलकत्त्याचे बिशप म्हणून हिंदुस्थानांत आले. १८५७ चा उठाव नुकताच शमत होता. आपला बचाव झाला म्हणून इंग्रज समाज ईश्वराचे आभार मानीत होता. त्या उपकारस्मरणाचें कायमचें चिन्ह म्हणून एक शाळा काढावी, असें कॉटन ह्यांनीं सुचविलें आणि सन १८५९ मध्यें शिमल्याच्या शाळेची योजना सिद्ध झाली. ज्या झगड्यास आपण स्वातंत्र्याचा पहिला संग्राम म्हणतों, त्याच्या पराभवाच्या आनंदांतून ही शाळा जन्मास आली, हें वाचकांनीं ध्यानांत ठेवावें. बंगळूरची शाळा सन १८६५ मध्यें पाद्री सॅम्युएल टॉमस पेटिग्र्यू ह्यांनीं स्थापिली. ह्या शाळा प्रथम मुख्यतः युरोपियन व अँग्लो-इंडियन मुलांकरितां होत्या. त्यांची भरभराट पाहण्याचें कॉटन ह्यांच्या नशिबीं नव्हतें, ता. ६ ऑक्टोबर १८६६ रोजीं बंगाल्यांत कुष्टिया येथें नदींत बुडून त्यांचा अंत झाला.

आतां विद्यार्थ्यांकडे वळूं. शिमल्याच्या शाळेंत रेजिनल्ड डायर नांवाचा एक मुलगा शिकून गेला. त्याचा जन्म सन १८६४ मध्यें मरी येथें झाला. अकराव्या वर्षाच्या सुमारास तो आयर्लंडांत शिकावयास गेला व पुढें लष्करांत शिरला. ता. १३ एप्रिल १९१९ रोजीं अमृतसरच्या जालियनवाला बागेंत ह्याच डायरनें निःशस्त्र जमावावर, पांगण्याची सूचना न देतां, सुमारें दहा मिनिटें गोळीबार करविला. १,६५० गोळ्या झाडल्या गेल्या. सरकारी आंकड्याप्रमाणें ३७९ माणसें ठार झालीं. लोकांच्या मतें बळींची संख्या याहून पुष्कळच अधिक होती. चौकशीसाठीं नेमलेल्या हंटर कमिटीपुढें त्यानें पश्चात्तापाचा शब्द काढला नाहीं. चिलखती मोटारी आंत नेतां आल्या असत्या तर त्यांवरील मशीनगनाही आपण बहुधा चालविल्या असत्या, असें त्यानें सांगितलें. असें नांव कोणत्या शाळेस फलकावर लिहावेंसें वाटेल?

बंगळूरच्या शाळेंतूनही एक सेनापति निघाला. कोडगूंतील मडिकेरी येथें सन १९०६ मध्यें जन्मलेले कोडंदेर सुबय्या तिमय्या हे ते होत. कुन्नूर येथें आरंभीचें शिक्षण झाल्यावर ते ह्या शाळेंत आले व येथून डेहराडूनच्या लष्करी विद्यालयांत गेले. ता. १ नोव्हेंबर १९४८ रोजीं, सुमारें साडेअकरा हजार फूट उंचीवरील झोजी खिंडींत त्यांनीं रणगाडे चढविले व लेहचा मार्ग मोकळा केला. इतक्या उंचीवर रणगाडे येतील, अशी शत्रूची कल्पनाही नव्हती. परंतु आम्हांस त्यांचें त्याहून मोठें वाटणारें कार्य निराळेंच आहे. सन १९५३ मध्यें कोरियाचें युद्ध थांबलें, तेव्हां मायदेशीं परतण्यास नाखूष असलेल्या बावीस हजारांहून अधिक युद्धकैद्यांचा प्रश्न उरला. त्यासाठीं नेमलेल्या तटस्थ राष्ट्रांच्या आयोगाचे अध्यक्षपद तिमय्यांकडे आलें. कैद्यांत परस्परांविषयीं भयंकर वैर होतें, आणि दोन्ही पक्ष आयोगावर दोषारोप करीत होते. अशा स्थितींत तिमय्यांनीं व त्यांच्या शिपायांनीं जो संयम राखला, त्याची जगांत वाखाणणी झाली. ते सन १९५७ पासून १९६१ पर्यंत भारताचे सरसेनापति होते, आणि ता. १८ डिसेंबर १९६५ रोजीं, सायप्रस बेटांत संयुक्त राष्ट्रांच्या शांतिसेनेचें आधिपत्य करीत असतां, त्यांचा देहान्त झाला.

त्याच शाळेचे दुसरे विद्यार्थी डॉक्टर राजा रामण्णा. सन १९२५ मध्यें तुमकूर येथें त्यांचा जन्म झाला. पियानोवादनांत ते लहानपणापासून निपुण होते. सन १९४४ मध्यें म्हैसुरास संगीताच्याच निमित्तानें त्यांची होमी भाभा ह्यांच्याशीं गांठ पडली. भाभा हे मुंबईच्या कॅथीड्रल शाळेचे, म्हणजे अँग्लिकन शाळेचेच विद्यार्थी. पुढें लंडनहून पदवी घेऊन आल्यावर रामण्णा सन १९४९ मध्यें भाभांच्या मुंबईतील संशोधनसंस्थेंत दाखल झाले. तुर्भें येथें ता. ४ ऑगस्ट १९५६ रोजीं ‘अप्सरा’ ही आशियांतील पहिली अणुभट्टी सुरू झाली, तेव्हां ते त्या मंडळींत होते. ता. १८ मे १९७४ रोजीं पोखरण येथें झालेला अणुस्फोट त्यांच्या नेतृत्वाखालीं पार पडला. त्या स्फोटाविषयीं मतभेद आहेत व असावेतही. परंतु ज्या माणसानें तो घडविला, त्यानेंच उतारवयांत भारतीय राग व पाश्चात्त्य संगीत ह्यांच्या रचनेवर ग्रंथ लिहिला, हेंही सांगितलें पाहिजे. सन २००४ मध्यें मुंबईंत त्यांचें निधन झालें.

पुन्हा शिमल्यास जाऊं. प्रसिद्ध इंग्रजी लेखक रस्किन बाँड हे सन १९४३ मध्यें त्या शाळेंत आले, तेव्हां नऊ वर्षांचे होते. पुढल्याच वर्षीं कलकत्त्यास मलेरियानें त्यांचे वडील वारले. वडिलांचीं पत्रें हेंच त्या मुलाचें धन होतें. तीं सांभाळून ठेवण्यासाठीं म्हणून शाळेनें घेतलीं. सुट्टीच्या वेळीं मुलानें मागितलीं तेव्हां तीं कोणास आठवेनात. एक पत्र तेवढें त्याच्यापाशीं राहिलें होतें. हें बाँड ह्यांनीं स्वतःच लिहून ठेविलें आहे. फाळणीच्या वेळीं शाळेंतील मुसलमान मुलें पाकिस्तानांत निघून गेलीं, त्यांत आपला जिवलग मित्र कसा दुरावला, हेंही त्यांनीं लिहिलें आहे. सतराव्या वर्षीं त्यांनीं आपली पहिली कादंबरी लिहिली. ती सन १९५६ मध्यें प्रसिद्ध झाली व पुढल्या वर्षीं तिला इंग्लंडांतील एक मानाचें पारितोषिक मिळालें.

आतां मूळ प्रश्नाकडे येऊं. शिमल्याच्या शाळेचा कैवार घेणारा म्हणेल कीं, डायर तेथें थोडींच वर्षें होता, तोही अगदीं लहानपणीं. त्याच्या कृत्याचा दोष शाळेस कां द्यावा? हें म्हणणें रास्त आहे. परंतु मग तोच न्याय दुसऱ्या बाजूसही लावला पाहिजे. तिमय्याही एका शाळेंतून आले व दुसरीकडे गेले. रामण्णांचा पियानो व बाँड ह्यांची लेखणी ह्यांचें सारें श्रेय शाळेस देतां येत नाहीं. दोषाच्या वेळीं ‘तो तर दोन दिवसांचा पाहुणा’ म्हणावें आणि यशाच्या वेळीं ‘हा आमचाच’ म्हणून छाती काढावी, हें खऱ्या हिशेबास धरून नाहीं. जमेची बाजू मांडावयाची तर खर्चाचीही मांडली पाहिजे. शिमल्याच्या शाळेचें ब्रीद, वाइटावर चांगुलपणानें मात करावी, अशा अर्थाचें आहे. बंगळूरचें, उजवीकडे वा डावीकडे न ढळतां सरळ जावें, अशा अर्थाचें आहे. दोन्ही ब्रीदें उत्तम आहेत. पण ब्रीद भिंतीवर असतें, आणि माणूस पुढें कोणत्या वाटेनें जाईल हें भिंत ठरवूं शकत नाहीं.

मग शाळेच्या हातीं कांहींच नाहीं काय? आहे. मूल तिच्या छपराखालीं असेतोंवर त्याला ती कसें वागविते, हें सर्वस्वीं तिच्या हातीं आहे. बाँड ह्यांची थोरवी शाळेची नव्हे. पण तीं हरवलेलीं पत्रें मात्र शाळेच्याच खातीं पडतात. तो मुलगा लेखक झाला म्हणून ही गोष्ट जगास कळली. जीं मुलें लेखक झालीं नाहींत, ज्यांचीं नांवें कोणत्याच फलकावर नाहींत, त्यांच्याजवळ अशा किती गोष्टी, बऱ्या आणि वाईट, राहून गेल्या असतील!

आमच्या तरुण वाचकांस आमचें एवढेंच सांगणें आहे कीं, फलकावरील नांवें वाचा, पण तीं वाचून थांबूं नका. त्या माणसानें आपल्या हातीं सत्ता आली तेव्हां दुबळ्याशीं कसें वर्तन केलें, हें विचारा. बागेंतील निःशस्त्र माणसांसमोर एक सेनापति उभा राहिला, आणि कोरियांतील कैद्यांसमोर दुसरा; दोघांच्याही शाळेस एकाच बिशपाचें नांव होतें. तसा प्रसंग लहान प्रमाणांत आपल्यापैकीं प्रत्येकावर, वर्गांत, मैदानावर किंवा वसतिगृहांत, रोज येत असतो. पुढें कोणाचें नांव सोन्यानें लिहिलें जाईल हें कोणी सांगूं शकत नाहीं. परंतु आज आपल्या शेजारच्या बांकावरील मुलाची ठेव आपण सांभाळली कीं हरवली, हें ज्याचें त्यास ठाऊक असतें.