कोकोची गंगाजळी आणि राष्ट्राध्यक्ष एन्क्रुमा

घानाचे पहिले राष्ट्राध्यक्ष क्वामे एन्क्रुमा यांच्याविषयी जे विपुल लेखन झाले आहे, त्याचे स्थूलमानाने दोन पंथ पडतात. एका पंथाच्या मते एन्क्रुमा हे सत्तामोहाने बिघडलेले लोकनायक होत. स्तुतिपाठकांनी घेरलेला पुढारी हुकूमशहा झाला आणि आपल्या कर्मानेच लयास गेला. दुसऱ्या पंथाच्या मते ते पाश्चात्य सत्तांच्या कारस्थानास बळी पडलेले आफ्रिकी ऐक्याचे द्रष्टे होत. दोन्ही पंथांच्या हाती पुरावा आहे. पण दोघेही व्यक्तीपाशीच थांबतात. ज्या आर्थिक यंत्रणेच्या बळावर एन्क्रुमा यांनी राज्य उभारले आणि जिच्यामुळे त्यांचे पहिले मोठे शत्रू निर्माण झाले, त्या यंत्रणेकडे प्रस्तुत लेखात लक्ष वेधावयाचे आहे. ही यंत्रणा म्हणजे कोको पणन मंडळ. ते एन्क्रुमा यांनी निर्माण केले नव्हते. ब्रिटिशांकडून आलेला तो वारसा होता.

गोल्ड कोस्ट हे या देशाचे वसाहतकालीन नाव. विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकारंभी जगातील सर्वांत मोठा कोको-उत्पादक देश म्हणून तो पुढे आला, आणि तोही गोऱ्या मळेवाल्यांच्या भांडवलावाचून. अकिम आणि अशांती भागांतील अरण्यपट्ट्यात आफ्रिकी शेतकऱ्यांनी स्वतः जमिनी मिळवून, जंगल तोडून या बागा लावल्या. पिकाची निर्यात मात्र मूठभर युरोपीय कंपन्यांच्या हाती होती. १९३७-३८ च्या हंगामात या कंपन्यांनी आपसांत संगनमत करून भाव बांधले, तेव्हा शेतकऱ्यांनी व अडत्यांनी माल अडवून धरला. पुढे महायुद्ध आले आणि सरकारने सर्व पीक स्वतः खरेदी करण्यास आरंभ केला. या युद्धकालीन व्यवस्थेलाच १९४७ साली कायमचे रूप देऊन कोको पणन मंडळ स्थापन करण्यात आले.

मंडळाचा घोषित हेतू निर्दोष होता. जागतिक बाजार तेजीत असताना शेतकऱ्यास थोडा कमी भाव द्यावा, उरलेला पैसा शिल्लक ठेवावा आणि मंदीच्या वर्षी त्यातून भर घालावी, असा तो हिशेब. परंतु युद्धोत्तर काळात तेजी टिकून राहिली आणि शिल्लक वाढतच गेली. ही शिल्लक लंडनमधील रोख्यांत गुंतविली जाई. अर्थात गोल्ड कोस्टच्या शेतकऱ्याचा पैसा त्याच्या संमतीवाचून ब्रिटनच्या चलनव्यवस्थेस आधार देत होता. स्वातंत्र्याच्या सुमारास देशाची परकीय गंगाजळी वीस कोटी पौंडांच्या आसपास होती असे सामान्यतः मानले जाते. आफ्रिकेतील फारच थोड्या नवस्वतंत्र देशांना असा प्रारंभ लाभला.

एन्क्रुमा यांच्या उदयाची कथा सुपरिचित असल्याने ती येथे थोडक्यात सांगतो. न्क्रोफुल या नैर्ऋत्येकडील खेड्यात १९०९ साली जन्म, अचिमोता येथे अध्यापनाचे शिक्षण, १९३५ पासून दहा वर्षे अमेरिकेत विद्यार्जन, १९४५ साली मँचेस्टरच्या अखिल-आफ्रिकी परिषदेत प्रमुख भाग आणि १९४७ च्या अखेरीस मायदेशी परत. त्यांना बोलावले ते जे. बी. डांक्वा प्रभृती वकिलांच्या व व्यापाऱ्यांच्या संस्थेने. परतल्यावर दोन-तीन महिन्यांतच, २८ फेब्रुवारी १९४८ रोजी, ब्रह्मदेशच्या आघाडीवर लढून आलेल्या सैनिकांच्या मोर्चावर अक्रा येथे गोळीबार झाला आणि शहरोशहरी दंगली उसळल्या. वकीलवर्गाची सावध पावले एन्क्रुमा यांना मानवेनात. जून १९४९ मध्ये त्यांनी जनता-पक्ष काढला आणि ‘स्वराज्य ताबडतोब’ ही घोषणा दिली. जानेवारी १९५० मधील त्यांची प्रत्यक्ष चळवळ गांधीजींच्या अहिंसक असहकारावर आधारलेली होती. तिच्यापायी ते तुरुंगात गेले. तुरुंगातूनच १९५१ ची निवडणूक लढवून अक्रा मतदारसंघात २३,१२२ पैकी २२,७८० मते त्यांनी मिळविली. गव्हर्नरने त्यांना मुक्त करून शासनप्रमुख नेमले. १९५२ साली ते पंतप्रधान झाले.

या पक्षामागे शाळा सोडलेले तरुण, बाजारातील विक्रेत्या स्त्रिया, कारकून आणि मजूर होते हे सर्वत्र नमूद असते. कोको-शेतकरीही मोठ्या संख्येने त्याच्यामागे होता, ही गोष्ट मात्र पुष्कळदा विसरली जाते. झाडांना रोग लागल्यामुळे सरकारी माणसे सक्तीने बागा तोडीत होती आणि त्या संतापाचा पक्षास मोठाच लाभ झाला. म्हणूनच १९५४ साली जे घडले ते शेतकऱ्यास विश्वासघातासारखे वाटले.

त्या वर्षी जागतिक बाजारात कोकोचा भाव टनास ४०० पौंडांच्या वर गेला होता. ऑगस्टमध्ये एन्क्रुमा सरकारने कायदा करून शेतकऱ्यास द्यावयाचा दर ६० रतलांच्या ओझ्यास ७२ शिलिंग असा चार वर्षांसाठी निश्चित केला. टनाच्या हिशेबाने हा दर सुमारे १३४ पौंड पडतो. म्हणजे बाजारभावाचा जेमतेम एक-तृतीयांश भाग उत्पादकाच्या पदरी पडे. उरलेला निर्यातकर व मंडळाची शिल्लक या दोन वाटांनी शासनाकडे जाई. सरकारची बाजू अगदीच लंगडी नव्हती. सगळा भाव शेतकऱ्याच्या हाती दिला तर चलनवाढ होईल, आणि शाळा, रस्ते, बंदरे यांसाठी पैसा आणावयाचा कोठून? विनाशुल्क प्राथमिक शिक्षणाची योजना याच पैशावर चालली होती. परंतु कर भरणारा एक विभाग आणि खर्चाचा निर्णय करणारे दुसरे, असे चित्र अशांतीतील माणसास दिसत होते.

सप्टेंबर १९५४ मध्ये कुमासी येथे ‘राष्ट्रीय मुक्ती चळवळ’ स्थापन झाली. तिचे नेतृत्व अशांतीच्या राजाच्या दरबारातील एका मान्यवराकडे होते. तिची मागणी संघराज्याची होती. शेतकऱ्याची खरी तक्रार आणि सरदारवर्गाचा आपल्या अधिकारासाठीचा झगडा ही दोन भिन्न सूत्रे होती, पण ती येथे अशी गुंफली गेली की पुढे कोणासही उलगडता आली नाहीत. एन्क्रुमा यांनी तिच्यात केवळ जमातवाद पाहिला. मला वाटते, त्यांच्या राजकीय जीवनातील ही सर्वांत महाग पडलेली चूक होय. कुमासीत बाँब फुटले, माणसे मेली, आणि ब्रिटिशांनी स्वातंत्र्यापूर्वी आणखी एका निवडणुकीचा आग्रह धरला. १९५६ च्या त्या निवडणुकीत जनता-पक्षास १०४ पैकी ७१ जागा मिळाल्या. अशांतीत मात्र बहुसंख्य जागा विरोधकांकडे गेल्या. ६ मार्च १९५७ रोजी घाना स्वतंत्र झाला तो ही फूट पोटात घेऊन.

यापुढील कायद्यांची मालिका या पार्श्वभूमीवर वाचली पाहिजे. प्रदेश, धर्म अथवा जमात यांच्या आधारावर पक्ष काढण्यास १९५७ साली बंदी झाली. १९५८ च्या प्रतिबंधक स्थानबद्धता कायद्याने चौकशीवाचून पाच वर्षांपर्यंत कोंडून ठेवण्याचा अधिकार शासनास दिला. या संदर्भात भारताकडे बोट दाखविले जाते, कारण आपल्या संसदेनेही १९५० साली याच नावाचा कायदा केला होता. तुलना अर्धीच खरी आहे. भारतीय संविधानाच्या २२ व्या अनुच्छेदाने सल्लागार मंडळाचे बंधन घातले होते आणि न्यायालयांची दारे अगदीच बंद झाली नव्हती. घानातील कैद्यास असे संरक्षण नव्हते. ज्या डांक्वांच्या संस्थेने एन्क्रुमा यांना मायदेशी बोलावले, तेच डांक्वा १९६० च्या राष्ट्राध्यक्षपदाच्या निवडणुकीत त्यांचे प्रतिस्पर्धी होते. पुढे दोनदा स्थानबद्ध होऊन ४ फेब्रुवारी १९६५ रोजी त्यांचा न्सावाम येथील तुरुंगात अंत झाला. एन्क्रुमा यांच्या कारकिर्दीवरील हा डाग त्यांच्या कट्टर चाहत्यांसही पुसता आलेला नाही.

राजकीय विरोध असा दाबला गेल्यावर कोकोच्या भावाविषयी बोलावयास कोणी उरले नाही. सरकारपुरस्कृत शेतकरी परिषदेने १९५९ साली शेतकऱ्यांच्या वतीने ओझ्यामागे १२ शिलिंगांचा ‘स्वेच्छा’त्याग जाहीर केला, दर ६० शिलिंगांवर आला. हा त्याग ज्यांच्या खिशातून व्हावयाचा त्यांना कोणी विचारले असल्याचे दिसत नाही. १९६१ पासून त्यातूनही सक्तीच्या बचतीची कपात होऊ लागली आणि त्याच वर्षी देशातील सर्व कोकोची एकाधिकार खरेदी या परिषदेकडे सोपविण्यात आली. सक्तीची बचत पगारदारांवरही लादली गेली, तेव्हा सप्टेंबर १९६१ मध्ये सेकोंदी-ताकोरादी येथील रेल्वे व बंदर कामगारांनी संप पुकारला. हे कामगार चळवळीच्या दिवसांतील एन्क्रुमा यांचे खंदे पाठीराखे होते. त्यांच्या पुढाऱ्यांना स्थानबद्धता कायद्याखाली अटक झाली.

आणि हा पैसा गेला कोठे? सर्वच वाया गेला असे म्हणणे अन्यायाचे होईल. तेमाचे बंदर, विद्यापीठे, रुग्णालये, रस्ते ही प्रत्यक्ष उभी राहिली. व्होल्टा नदीवरील अकोसोंबो धरणाने जगातील एक अतिविशाल कृत्रिम जलाशय निर्माण केला. सुमारे ८,५०० चौरस किलोमीटर भूमी पाण्याखाली गेली आणि सुमारे ८० हजार लोकांचे विस्थापन झाले. या विजेवर देशातील बॉक्साइटपासून ॲल्युमिनियम काढावे ही मूळ कल्पना. प्रत्यक्षात अमेरिकी कंपन्यांशी झालेल्या करारानुसार कारखान्यास स्वस्त वीज मिळाली आणि कच्चा माल परदेशातून आला. दुसरीकडे सरकारी शेते, तोट्यातील कारखाने, विमान कंपनी आणि १९६५ च्या आफ्रिकी ऐक्य संघटनेच्या अधिवेशनासाठी अक्रा येथे बांधलेले भव्य भवन यांवर अपार खर्च झाला. अर्थशास्त्रज्ञ आर्थर लुइस यांनी १९५३ च्या आपल्या अहवालात आधी अन्नधान्याच्या शेतीची उत्पादकता वाढवा, उद्योग त्यामागून येतील, असा सल्ला दिला होता. स्वातंत्र्यानंतर ते एन्क्रुमा यांचे सल्लागार झाले आणि १९५८ च्या अखेरीस मतभेदांमुळे निघून गेले. १९७९ साली त्यांना नोबेल पारितोषिक मिळाले.

सर्वांत क्रूर घाव मात्र कोकोच्याच झाडाने घातला. हे झाड लावल्यापासून पाच-सात वर्षांनी भरघोस फळ देऊ लागते. पन्नाशीच्या दशकातील तेजीत लावलेल्या बागा साठीच्या दशकात एकदम फळास आल्या, आणि १९६४-६५ च्या हंगामात घानाचे उत्पादन पाच लक्ष टनांच्या पुढे गेले. परिणामी १९६५ च्या मध्यास जागतिक भाव टनास १०० पौंडांच्याही खाली घसरला. मंदीत शेतकऱ्यास भर घालण्यासाठीच मंडळाची शिल्लक होती. पण नेमकी मंदी आली तेव्हा गंगाजळी जवळजवळ आटलेली होती. शेतकऱ्याचा दर आणखी उतरविण्यात आला आणि शहरांत साखर, दूध, औषधे यांची टंचाई पडली.

दरम्यान १९६२ साली कुलुंगुगु येथे एन्क्रुमा यांच्यावर बाँबहल्ला झाला होता. त्यातील काही आरोपींना विशेष न्यायालयाने निर्दोष सोडले म्हणून सरन्यायाधीशांनाच पदच्युत करण्यात आले. जानेवारी १९६४ च्या सार्वमताने देश एकपक्षीय झाला. अधिकृत आकड्यांनुसार ९९ टक्क्यांहून अधिक मते अनुकूल पडली. मतपेटीची वाट अशी बंद झाल्यावर बंदुकीची उघडी राहिली. २४ फेब्रुवारी १९६६ रोजी, हानोईला जाण्यासाठी निघालेले एन्क्रुमा चीनमध्ये असताना, कर्नल कोटोका व मेजर आफ्रिफा यांच्या नेतृत्वाखाली लष्कराने आणि पोलिसांनी सत्ता घेतली. अकोसोंबोचे उद्घाटन होऊन जेमतेम महिना लोटला होता. अक्राच्या रस्त्यांवर लोक नाचले. अमेरिकी शासनास या कटाची आधीपासून कुणकुण होती आणि तो यशस्वी झाल्याचा त्यास आनंद झाला, हे पुढे प्रसिद्ध झालेल्या अमेरिकेच्याच कागदपत्रांवरून दिसते. प्रत्यक्ष सहभाग कितपत होता याविषयी अभ्यासकांत एकमत नाही. परकीय कारस्थान मान्य केले तरी ते रस्त्यावरील नृत्याचा उलगडा करू शकत नाही.

एन्क्रुमा यांनी उर्वरित आयुष्य गिनीत सेकू तुरे यांच्या आश्रयाने घालविले. २७ एप्रिल १९७२ रोजी बुखारेस्ट येथे त्यांचे निधन झाले. त्यानंतर त्यांच्या स्मृतीचे जे झाले ते मोठे उद्बोधक आहे. १९६६ मध्ये जमावाने पाडलेला त्यांचा शिरच्छिन्न पुतळा आज अक्रा येथील त्यांच्याच स्मारकोद्यानात मांडलेला आहे. हे स्मारक १९९२ साली, स्वातंत्र्याची घोषणा झाली त्याच मैदानावर उभारण्यात आले. त्यांना पदच्युत करणाऱ्या कोटोकांचे नाव राजधानीच्या विमानतळास देण्यात आले आणि त्यावरून वारंवार वाद झाले. २१ सप्टेंबर हा त्यांचा जन्मदिवस २००९ साली ‘संस्थापकाचा दिन’ ठरला. २०१९ साली राष्ट्राध्यक्ष आकुफो-आडो यांच्या शासनाने ४ ऑगस्ट हा ‘संस्थापकांचा दिन’ केला. त्याच तिथीस १९४७ साली डांक्वांची संस्था स्थापन झाली होती. आकुफो-आडो हे डांक्वांच्याच कुळातील. २०२५ साली महामा शासनाने पुन्हा एकवचन आणले. मराठीत लिहू गेल्यास हा सारा वाद एका अनुस्वारात मावतो, पण घानात त्याच्या दोन्ही अंगांना दोन राजकीय परंपरा उभ्या आहेत, आणि त्यांचा उगम १९४९ व १९५४ च्या फुटीत आहे.

पुतळा पाडणाऱ्यांनी कोको पणन मंडळ मात्र पाडले नाही. एन्क्रुमा यांच्यानंतर आलेल्या लष्करी आणि नागरी शासनांनी तेच साधन वापरले, काहींनी तर अधिक निर्दयपणे. सत्तरीच्या दशकात शेतकऱ्याचा वाटा इतका घटला की माल चोरट्या मार्गाने शेजारच्या आयव्हरी कोस्टमध्ये जाऊ लागला. त्या दशकाच्या अखेरीस जगातील पहिले स्थानही त्या देशाकडे गेले. १९८३ नंतरच्या आर्थिक सुधारणांत शेतकऱ्याचा दर वाढविण्यात आला आणि १९९२-९३ च्या हंगामापासून देशांतर्गत खरेदी खाजगी परवानेदारांना खुली झाली. हंगामाच्या आरंभी शेतकऱ्याचा दर मात्र अजूनही सरकारच जाहीर करते.