टेपला लागलेली ओल

सरदार सरोवराच्या बुडितात सापडलेलं महाराष्ट्रातलं पहिलं गाव म्हणजे नर्मदाकाठचं मणिबेली. १९९३च्या पावसाळ्यात तिथं पाणी चढलं. त्या काळातलं नर्मदा खोरं आज पाहायचं, तर जुन्या चित्रणाकडेच वळावं लागतं. सिमंतिनी धुरू आणि आनंद पटवर्धन यांचा ‘अ नर्मदा डायरी’ हा १९९५चा माहितीपट त्यातला ठळक. पण तासाभराच्या कुठल्याही माहितीपटामागे न वापरलेल्या कित्येक टेप उरतात, आणि त्या बहुधा कुणाच्या तरी माळ्यावर असतात.

व्हिडिओ टेप म्हणजे पॉलिएस्टरची पट्टी आणि तिच्यावर चुंबकीय कणांचा पातळ थर. चुंबकीय नोंद आपणहून सहसा पुसली जात नाही. दगा देतं ते कणांना पट्टीवर धरून ठेवणारं पॉलियुरेथेन. हवेतली वाफ त्याच्या रेणूंमधले बंध हळूहळू तोडते आणि थर चिकट होतो. अशी टेप यंत्रात घातली की ती किंचाळते, अडकते, हेडवर काळपट राप धरतो. पुसून काढलेला तो राप म्हणजेच चित्रण! काही प्रकारच्या टेप प्रयोगशाळेत ५० अंश सेल्सिअसच्या आसपास काही तास तापवल्या की थोडे दिवस चालण्याजोग्या होतात. तेवढ्यात नक्कल उतरवायची. (घरच्या ओव्हनमध्ये हा उद्योग करू नये.) मुंबई-कोकणात बुरशीचाही ताप असतो. एक बुरसटलेली टेप लावली, की हेडमार्फत पुढच्या टेपनाही लागण होते.

टेप धडधाकट असली तरी यंत्र हवं. व्हीएचएसचे व्हीसीआर बनवणाऱ्या जपानच्या फुनाईनं २०१६मध्ये उत्पादन थांबवलं. शिवाय तासभराची टेप उतरवायला तास लागतोच, तिथं घाई चालत नाही. तयार फाइलचा ‘चेकसम’ काढून ठेवतात. एक बिट जरी बदलला तरी हा आकडा बदलतो आणि बिघाड कळतो. प्रती किमान तीन, त्यातली एक दुसऱ्या गावी.

माझ्या मते कापून-जोडून झालेल्या फिल्मइतकंच कच्चं चित्रण मोलाचं आहे. भाषण संपल्यावरही चालू राहिलेल्या कॅमेऱ्यात कोणाचं शेत कुठवर होतं, हे दिसू शकतं. मात्र ते ओळखणार कोण? २००८ साली सुरू झालेल्या ‘पॅड.मा’ या ऑनलाइन संग्रहात चित्रणाच्या क्षणाक्षणाला नोंदी जोडता येतात. अशा नोंदी सांगू शकणारी माणसं आता साठी-सत्तरीत आहेत. उत्तम प्रतीच्या डिजिटायझेशनला पैसे मिळतील तेव्हा मिळोत. तोवर साधी नक्कल घेऊन त्यांच्या शेजारी बसता येईल.