खेळाच्या फायलीत सापडलेला दादांचा आवाज



मथळा वाचून आमच्या वयाच्या मंडळींना हसू येईल. सत्तरी ओलांडलेल्या नर्सबाईंना कॉम्प्युटरवरच्या खेळाशी काय काम? पण काम पडलं, आणि असं पडलं की ते तुम्हाला सांगितल्याशिवाय राहवत नाही. हा लेख आजी-आजोबांसाठी आहे तसाच नातवंडांसाठीही आहे. ज्या मुलांना मराठी वाचता येत नाही त्यांना शेजारी बसवून वाचून दाखवा. कळेल त्यांना. नाही कळलं तर विचारतील, तेवढंच मराठी कानावर पडेल.

आमचा नातू माइनक्राफ्ट खेळतो. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो: हा ठोकळ्यांचा खेळ. माती, दगड, लाकूड असे चौकोनी ठोकळे रचून घरं, विहिरी, डोंगर, काय हवं ते उभं करायचं. २०११ साली हा खेळ पूर्ण स्वरूपात बाजारात आला आणि जगभरची मुलं त्याच्यामागे लागली. आम्ही आधी रागवायचो, डोळे बिघडतील म्हणायचो. मग एक दिवस नातवाने विचारलं, "सावता, तुझं इंडियातलं घर कसं होतं? मी बांधतो."

झालं! आम्ही खुर्ची ओढून त्याच्या शेजारी बसलो. अलिबागकडचं आमचं गाव, पुढे ओटी, मागे परसू, विहीर, उतरतं कौलारू छप्पर. तो विचारत गेला, आम्ही सांगत गेलो. त्या खेळात माड नाहीत, म्हणून त्याने जंगलातली उंच झाडं लावली. कौलं नाहीत, म्हणून विटांच्या पायऱ्या उलट्यासुलट्या रचून छप्पर केलं. खरंच आमच्या घरासारखं दिसू लागलं.

२०२२ च्या जुलैमध्ये, शाळेला सुटी असताना, आमचे थोरले बंधू दिमोनाहून अश्दोदला आमच्याकडे राहायला आले. आम्ही सगळे त्यांना दादाच म्हणायचो. आजोबांचा तेलाचा घाणा दादांनी लहानपणी चालू पाहिला होता, आम्ही तो पाहिलेला नाही. नातवाला ते म्हणाले, "अरे, घर बांधलंस पण घाणा कुठाय? आपण शनवार तेली, घाण्याशिवाय घर कसलं?" मग दोघांनी मिळून घाणा मांडला. खेळात बैल नाही, गाय आहे. पोराने गाय आणून उभी केली तेव्हा दादा इतके हसले की त्यांना ठसका लागला. नातू हे सगळं कॉम्प्युटरवर रेकॉर्ड करत होता. आम्हाला तेव्हा त्याचं काही विशेष वाटलं नाही.

२०२४ च्या हिवाळ्यात दादा गेले. तिसाव्या दिवशी सगळे जमणार होते, तेव्हा कोणीतरी म्हणालं, "दादांचा आवाज कोणाकडे आहे का?" फोटो शेकडो निघाले. आवाज कोणाकडेच नव्हता. तेव्हा नातवाला आठवलं, मामाआजोबा माझ्या खेळात बोलले होते.

शोधायला बसलो तर कॉम्प्युटरमध्ये तीनशेच्या वर क्लिपा. सगळ्यांचं नाव एकच, माइनक्राफ्ट, आणि पुढे तारीख-वेळ. कुठल्या दिवशीची शोधायची? इथे आमची जुनी सवय उपयोगी पडली. वॉर्डात आम्हाला पहिल्या दिवशी शिकवलं होतं, जे लिहिलं नाही ते केलंच नाही असं धरतात. रिटायर झाल्यावरही आमची वही सुटलेली नाही. वही काढली. १७ जुलै २०२२, रविवार. "दादा चारच्या बसने आले. ब्लडप्रेशर १४०-९०. चहात साखर नको सांगितलं, तरी दोन चमचे घेतली. रात्री मुलाबरोबर घाणा." तारीख मिळाली!

पण फोल्डरमध्ये त्या तारखेचं काहीच नव्हतं. नातवाचा चेहरा पांढरा पडला. आठवड्यापूर्वीच डिस्क भरली म्हणून त्याने जुन्या क्लिपा एका दमात काढून टाकल्या होत्या. नशीब आमचं, रिसायकल बिन रिकामा केलेला नव्हता. तिथे १७ जुलैच्या दोन फायली होत्या. 'रिस्टोअर' केल्यावर त्या परत आपल्या जागी आल्या.

पहिली चाळीस मिनिटांची. ठोकळे एकावर एक चढताना दिसतात, घाणा उभा राहताना दिसतो. दादा त्या वेळी लाट कशी फिरते, बैलाच्या डोळ्यांना झापड का बांधतात, हे सांगत होते, आम्हाला पक्कं आठवतं. पण आवाज ऐकू येतो तो खेळातल्या कोंबड्यांचा. मायक्रोफोन बंद होता. दुसरी फाइल नऊ मिनिटांची. तिच्यात नातवाने मायक्रोफोन लावला होता. "गाय जुंपतात होय रे घाण्याला?" असं दादा म्हणतात आणि हसतात. तिसाव्या दिवशी तेच सर्वांनी ऐकलं. घाण्याची हकीकत मात्र गेली ती गेलीच. आता ती सांगणारं आमच्या घरात कोणी नाही.

म्हणून नातवाकडून शिकून, आणि स्वतः करून पाहून, पुढचं लिहीत आहोत.

रेकॉर्ड कसं होतं

विंडोज १० आणि ११ मध्ये एक्सबॉक्स गेम बार नावाची सोय आहे. विंडोजची खूण असलेलं बटण आणि जी एकदम दाबलं की ती उघडते. विंडोज, ऑल्ट आणि आर दाबलं की रेकॉर्डिंग सुरू, पुन्हा दाबलं की बंद. सर्वांत महत्त्वाचं म्हणजे विंडोज, ऑल्ट आणि एम. याने मायक्रोफोन चालू-बंद होतो. तो चालू नसेल तर फक्त खेळाचा आवाज भरला जातो, माणसांचा नाही. मुलांनो, आजी-आजोबा शेजारी बसले की आधी हे बघा. अर्ध्या मिनिटाची चाचणी घ्या, ऐका, मग पुढे चला. इंजेक्शन देण्याआधी आम्ही औषधाचं नाव दोनदा वाचायचो, तसंच हे.

फायली कुठे जातात

गेम बारच्या क्लिपा व्हिडिओजच्या फोल्डरमध्ये कॅप्चर्स नावाच्या फोल्डरात जातात. तिथे नसतील तर सेटिंग्ज, मग गेमिंग, मग कॅप्चर्स असं उघडा. क्लिपा कुठे साठवल्या जातात ते तिथे लिहिलेलं असतं.

मुलं दुसरे प्रोग्रामही वापरतात. ओबीएस असेल तर त्याच्या सेटिंग्जमध्ये, आउटपुटच्या पानावर, रेकॉर्डिंगची जागा दिसते. स्टीममध्ये रेकॉर्डिंगची सोय २०२४ साली आली. त्या क्लिपा स्टीमच्या आतच राहतात, तिथून एमपी-४ करून बाहेर काढाव्या लागतात. तेव्हा आधी मुलाला विचारा, कशाने रेकॉर्ड केलं होतंस?

काहीच आठवत नसेल तर फाइल एक्सप्लोररमध्ये 'धिस पीसी' उघडून शोधायच्या चौकटीत तारका, टिंब आणि एमपी-४ असं इंग्रजीत लिहा. त्या प्रकारच्या सगळ्या फायली समोर येतात. मग तारखेप्रमाणे लावा. एक लक्षात ठेवा, फाइल दुसरीकडे कॉपी केली की 'क्रिएटेड' तारीख बदलते, 'मॉडिफाइड' तारीख सहसा तीच राहते. शोधताना दुसरी बघा.

टाकण्यापूर्वी

क्लिपा जागा फार खातात. आमच्याकडे दहा मिनिटांना सुमारे एक जीबी लागतो, म्हणजे डिस्क भरणारच, आणि कधीतरी टाकावं लागणारच. तेव्हा आकाराप्रमाणे लावून मोठ्या फायली आधी पाहा, पण उघडून, ऐकून, मगच टाका. शिफ्ट दाबून डिलीट केलं तर फाइल रिसायकल बिनमध्ये जात नाही, सरळ जाते. फार मोठी फाइलही कधी बिनमध्ये मावत नाही. पेनड्राइव्हवरून टाकलेलीही बिनमध्ये येत नाही. आमचं नशीब होतं, नशिबावर कोणी बसू नये.

लेबल लावा

रक्ताच्या नळीवर नाव नसेल तर लॅब ती परत पाठवते. तसंच इथे. कॉम्प्युटरला तारीख कळते, माणूस कळत नाही. म्हणून त्याच दिवशी फाइलला नाव द्या: आधी वर्ष, मग महिना, मग दिवस, मग कोण आणि काय. उदाहरणार्थ, २०२२-०७-१७ दादा घाणा. वर्ष आधी लिहिलं की फायली आपोआप ओळीने लागतात. नुसतं व्हिडिओ-१ लिहिलंत तर तारीखही गेली आणि माणूसही गेला.

माणसांच्या आवाजाच्या क्लिपांसाठी वेगळं फोल्डर करा. तेवढ्यांची दुसरी प्रत बाहेरच्या डिस्कवर ठेवा, आणि जमलं तर ती डिस्क दुसऱ्या घरी असू द्या. जुन्या पेनड्राइव्हवर ४ जीबीपेक्षा मोठी एक फाइल जात नाही, जागा कितीही रिकामी असो. तो पेनड्राइव्ह एफएटी-३२ पद्धतीचा असतो. एक्सएफएटी पद्धतीने फॉरमॅट केला की फाइल जाते. मात्र फॉरमॅट केल्यावर आधीचं सगळं पुसलं जातं, म्हणून आधी तो रिकामा करून घ्या.

हे सगळं आजी-आजोबांना एकदम जमायचं नाही. जमायला पाहिजे असंही नाही. बटणं मुलांना ठाऊक आहेत, गाव आपल्याला ठाऊक आहे. दोघांनी एकाच टेबलाशी बसायचं, एवढंच.

आमचा नातू आता तेरा वर्षांचा आहे, बार मित्सवा झाली. शब्बाथ सुटला की तो अजूनही कधी कधी ते ठोकळ्यांचं गाव उघडतो. घाण्याशी गाय तशीच उभी आहे. परवा म्हणाला, "सावता, विहिरीच्या पलीकडे काय होतं?" आम्ही म्हटलं, थांब, आधी मायक्रोफोन लाव.

आणि वहीत लिहून ठेवलं.